प्रतिध्वनीवरून मोजलेला मासा

[आकाशवाणीवरून झालेल्या भाषणाचा मजकूर]



समुद्राविषयीं आपल्या घरांत जें ज्ञान असतें तें बहुधा बाजाराच्या पिशवींतून आलेलें असतें. पापलेट महाग झालें, सुरमई ताजी नव्हती, यंदा बोंबील कमी आले, मांदेली मात्र बरी मिळाली, एवढ्यावर आपला समुद्राचा परिचय संपतो. त्यांत वाईट कांहीं नाहीं. परंतु बाजारांत येणारा समुद्र हा समुद्राचा केवळ कांठ होय. त्या कांठापलीकडे, जेथें पाण्याचा तळ हजार-दोन हजार मीटर खालीं जातो, तेथील एका माशाची ओळख आज आपणांस करून द्यावयाची आहे. हा मासा बोटाएवढाहि लांब नाहीं. कोळणीच्या पाटींत तो दिसत नाहीं. आणि बाजारांत ज्याला भाव नाहीं त्याला भाषेंत नांव मिळत नाहीं, या न्यायानें मराठींत त्याला रूढ असें नांवहि नाहीं. असें असूनहि, मुख्यतः हा मासा आणि त्याच्या जोडीला त्याचे कांहीं भाईबंद, यांचें अरबी समुद्रांतील वजन दहा कोटि टन भरेल, असा हिशेब एके काळीं करण्यांत आला होता. साऱ्या जगांतील समुद्रांतून वर्षाकांठीं जेवढे मासे पकडले जातात ते सुमारें आठ कोटि टन भरतात, हें लक्षांत घेतलें म्हणजे या आंकड्याचा आवांका कळतो. तो हिशेब कसा झाला, तो कितपत खरा मानावा, आणि त्या आंकड्याच्या भरंवशावर जाळीं टाकावींत काय, हा माझ्या आजच्या भाषणाचा विषय आहे.

प्रथम नांवापासून सुरुवात करूं. शास्त्रज्ञ या माशाला 'बेंथोसेमा' म्हणतात. हा शब्द ग्रीक असून दोन तुकड्यांचा आहे. 'बेंथोस' म्हणजे समुद्राची खोली, आणि 'सेमा' म्हणजे खूण किंवा निशाण. गूड व बीन या अमेरिकन मत्स्यशास्त्रज्ञांनीं १८९६ सालीं हें नांव योजिलें. तें एका माशाचें नांव नसून एका वंशाचें आहे, आणि त्या वंशांत पांच जाति मोडतात. एक उत्तर अटलांटिकच्या थंड पाण्यांत ग्रीनलंड-नॉर्वेकडे राहते, एक पनामाच्या बाजूस पॅसिफिक महासागरांत, आणि अरबी समुद्रांत जिचा भरणा आहे तिचें पूर्ण नांव बेंथोसेमा टेरोटम. 'टेरोटम' म्हणजे पंख असलेला. हा वंश ज्या मोठ्या कुलांत येतो, त्यांत सुमारें २५० जाति असून त्या कुलाला इंग्रजींत कंदिलावरून नांव पडलें आहे. मी कामापुरतें या सर्वांना 'दीपमत्स्य' म्हणतों.

येथें जातां जातां एक गंमत सांगतों. माशांच्या जुन्या वर्गीकरणांत हे दीपमत्स्य आणि आपला बोंबील यांना एकाच गणांत बसवीत असत. पुढें सूक्ष्म तपासणी झाल्यावर त्यांची ताटातूट झाली, आणि आज ते दोन निरनिराळ्या गणांत मोडतात. तेव्हां मुंबईकरानें या माशाला अगदींच परका समजण्याचें कारण नाहीं; बोंबलाचा एके काळचा भाऊबंद म्हणून तरी त्याची विचारपूस करावी.

दिसावयास हा मासा चार-पांच सेंटिमीटर लांब, मांदेलीहून लहान, डोकें बोथट, तोंड मोठें, आणि अंगाच्या मानानें डोळे फारच मोठे. अंगावरील खवले इतके नाजूक असतात कीं जाळ्यांतून वर येईपर्यंत ते बहुतेक गळून गेलेले असतात. पण ज्याच्यामुळें त्याला 'खोलीचें निशाण' म्हटलें तें त्याच्या पोटाशीं असतें. पोटाच्या दोन्हीं कडांना आणि कुशीवर मोत्याच्या बारीक गुंड्या शिवाव्या तसे ठिपके ओळीनें मांडलेले असतात. प्रत्येक ठिपका म्हणजे एक इवलासा दिवा. त्याच्या आंत प्रकाश उत्पन्न करणाऱ्या पेशी असतात, पाठीमागें आरशासारखा चकचकीत पडदा असतो, आणि वर भिंगासारखा जाड झालेला खवला असतो. या ठिपक्यांची मांडणी प्रत्येक जातींत वेगळी असते. त्यामुळें कपाळावरील गंधावरून पंथ ओळखावा त्याप्रमाणें अभ्यासक दिव्यांच्या रांगांवरून जाति ओळखतात. नर आणि मादी यांची खूणहि दिव्यांतच आहे. शेपटीच्या बुडाशीं नराला वरच्या बाजूस प्रकाशाची ग्रंथि असते, मादीला खालच्या बाजूस.

आतां कोणीहि विचारील कीं, काळोखांत राहणाऱ्या लहानशा माशानें दिवे लावून हिंडणें म्हणजे शत्रूला आमंत्रणच नव्हे काय? हे दिवे पोटाखालीं आहेत, यांतच त्याचें उत्तर आहे. दोन-तीनशें मीटर खोलीवर दिवसां पूर्ण काळोख नसतो; वरून निळसर असा अत्यंत मंद उजेड झिरपत असतो. दारांत उभा असलेला माणूस घरांतून पाहणाऱ्याला काळी आकृति म्हणून दिसतो, त्याप्रमाणें खालून वर पाहणाऱ्या शिकारी माशाला या लहान माशाची सांवली त्या उजेडावर उमटलेली दिसते. ती पुसून टाकण्यासाठीं हे पोटाचे दिवे असतात. वरून जेवढा उजेड येत असेल तेवढाच उजेड पोटाखालीं पाडला कीं सांवली विरून जाते, आणि मासा असून नसल्यासारखा होतो. दिव्याखालीं अंधार ही म्हण आपण नेहमीं ऐकतों. येथें मात्र दिवा लावावयाचा तो आपण दिसूं नये म्हणून!

बेंथोसेमा टेरोटम जगाला प्रथम ठाऊक झाला तो हिंदुस्थानच्याच समुद्रांतून. मुंबईच्या गोदींत १८८१ सालीं बांधलेलें 'इन्व्हेस्टिगेटर' नांवाचें एक लांकडी आगबोटीचें जहाज सरकारी नौकाखात्याकडे होतें. त्याचें मुख्य काम किनाऱ्यांचें मोजमाप करून नकाशे तयार करण्याचें. परंतु त्यावर एक डॉक्टर नेमलेला असे, आणि खलाशांच्या दुखण्याबाण्यांतून सवड काढून त्यानें समुद्रांतील प्राणी गोळा करावेत, अशी योजना होती. १८८८ पासून चार वर्षें हें काम आल्फ्रेड अॅल्कॉक यांच्याकडे होतें. त्यांनीं १८९० सालीं या माशाचें वर्णन प्रसिद्ध केलें. पुढें हे गृहस्थ कलकत्त्याच्या संग्रहालयाचे प्रमुख झाले. सरकारी नोकरीच्या फटींतून एवढें शास्त्र साधतां येतें, हें पाहून माझ्यासारख्या जुन्या शिक्षकाला समाधान वाटतें. तथापि अॅल्कॉक यांच्या बाटलींत आलेला हा मासा शेंकडों नव्या नमुन्यांपैकीं एक होता. तो समुद्रांत किती आहे, हा प्रश्न त्या काळीं कोणाला पडला नाहीं, आणि पडता तरी त्याचें उत्तर काढण्याचें साधन नव्हतें.

तें साधन मिळालें महायुद्धामुळें, आणि तेंहि अगदीं आडवाटेनें. १९४२ सालीं अमेरिकेंतील सॅन डिएगो शहराजवळ समुद्रांत शत्रूच्या पाणबुड्या शोधण्याच्या ध्वनियंत्राचे प्रयोग चालू होते. या यंत्राचें तत्त्व सोपें आहे. पाण्यांत ध्वनीचा एक ठोका सोडावयाचा आणि त्याचा प्रतिध्वनि किती वेळानें येतो तें पाहावयाचें. पाण्यांत ध्वनि सेकंदाला सुमारें १५०० मीटर जातो. म्हणजे सेकंदाच्या दोन-पंचमांश वेळानें प्रतिध्वनि आला, तर वस्तु तीनशें मीटरांवर आहे असें समजावें. आयरिंग, ख्रिस्टेन्सन आणि रेट या तिघां शास्त्रज्ञांना या प्रयोगांत असें आढळलें कीं, समुद्राचा खरा तळ कितीतरी खोल असतांना तीनशें ते साडेचारशें मीटरांच्या सुमारास कसलासा एक थर ध्वनि परत फेंकीत आहे. तो सलग होता, मैलच्या मैल पसरलेला होता, आणि तेथें नकाशाप्रमाणें पाण्यावांचून कांहींच नव्हतें. कित्येक जहाजांवर या थराला समुद्राचा तळ समजण्यांत आलें, आणि नसलेल्या उथळ जागा नकाशांत दाखविण्यांत आल्या.

या भुताटकीचा उलगडा १९४५ सालीं मार्टिन जॉन्सन या प्राणिशास्त्रज्ञानें केला. त्यानें चोवीस तास त्या थराचा पाठलाग केला, आणि तो संध्याकाळीं वर चढतो व पहांटे खालीं उतरतो असें दाखवून दिलें. रोज सूर्याबरोबर उठबस करणारा तळ कोठें असतो? अर्थात् तो थर सजीव होता. पुढें सर्व महासागरांत असे थर सांपडले. त्यांत कोळंबीसारखे प्राणी असतात, जेलीसारखे असतात, आणि फार मोठ्या प्रमाणांत दीपमत्स्य असतात. माशाच्या पोटांत तरंगण्यासाठीं वायूची एक लहानशी पिशवी असते. पाणी आणि मांस यांतून ध्वनि सहज पार जातो, पण वायूवर आपटला कीं परततो. अशा कोट्यवधि पिशव्या एका पातळींत आल्या म्हणजे खालून ओरडून उत्तर यावें तसा प्रतिध्वनि येतो.

हा रोजचा चढउतार म्हणजे वजनाच्या दृष्टीनें प्राणिसृष्टींतील सर्वांत मोठें स्थलांतर आहे. हंसांच्या नि सारसांच्या प्रवासाचें आपण कौतुक करतों; तो वर्षांतून दोनदां होतो, हा दिवसांतून दोनदां. आमचा चार सेंटिमीटरांचा बेंथोसेमा दिवस मावळतांना दोनशें मीटर वर येतो, म्हणजे स्वतःच्या लांबीच्या पांच हजार पट. साडेपांच फूट उंचीच्या माणसाला याच प्रमाणानें चढावयाचें म्हटलें तर त्याला रोज संध्याकाळीं आठ किलोमीटर सरळ वर जावें लागेल, म्हणजे जवळजवळ एव्हरेस्टचें शिखर गांठावें लागेल आणि पहांटे उतरून परत यावें लागेल. वर येण्याचें कारण पोट. पृष्ठभागाजवळच्या उजेडांतच वनस्पतींचे सूक्ष्म कण वाढतात, त्यांवर तांदळाच्या कणीएवढे कवचधारी जीव जगतात, आणि त्यांवर हा मासा. खालीं जाण्याचें कारण जीव. उजेडांत डोळस शत्रु त्याला टिपतील. उजेडाचा हा धाक इतका पक्का आहे कीं, चांदण्या रात्रीं पुष्कळ जातींचे दीपमत्स्य नेहमीइतके वर येत नाहींत, आणि सूर्यग्रहणांत काळोखी आली कीं भर दिवसां हे थर वर सरकूं लागतात. हें भाषण आपण ऐकत आहां तें रात्रीं. तेव्हां या घटकेला हा मासा वर येऊन चरत असला पाहिजे.

परंतु अरबी समुद्रांत या खालीं जाण्याला आणखी एक अर्थ आहे, आणि तो मला सर्वांत विलक्षण वाटतो. नैर्ऋत्य मोसमी वारे सुटले म्हणजे सोमालिया आणि ओमान यांच्या किनाऱ्यांवरील पृष्ठभागाचें पाणी दूर लोटलें जातें आणि त्याच्या जागीं खालचें थंड, क्षारयुक्त पाणी वर येतें. शेताला खत मिळावें तसें तें पाणी समुद्राला मिळतें. सूक्ष्म वनस्पतींचें उदंड पीक येतें. जें खाल्लें जात नाहीं तें मरून खालीं पडतें, कुजतें, आणि कुजतांना पाण्यांतील प्राणवायु खाऊन टाकतें. या समुद्राच्या उत्तरेस जमीन आहे. त्यामुळें ताज्या पाण्याची ये-जा कमी. परिणाम असा कीं, शें-दीडशें मीटरांपासून जवळजवळ हजार मीटरांपर्यंत प्राणवायूचा दुष्काळ असलेला एक प्रचंड थर तयार झाला आहे. त्याच्या गाभ्यांत प्राणवायु पृष्ठभागाच्या चाळिसाव्या हिश्शाहूनहि कमी भरतो. १९३३-३४ सालीं 'मबाहिस' या इजिप्शियन जहाजावरून सेमूर स्यूएल यांच्या नेतृत्वाखालीं जी मोहीम निघाली, तिनें अरबी समुद्राची कसून तपासणी केली. तेव्हां ओमानच्या बाजूस समुद्रतळाचा एक पट्टा जवळजवळ निर्जीव असल्याचें तिला दिसून आलें.

अशा या गुदमरवणाऱ्या थरांत आमचा दीपमत्स्य दिवसभर मुक्काम करतो. चपळ आणि धिप्पाड शिकाऱ्याला प्राणवायु भरपूर लागतो. तो तेथें फार वेळ टिकूं शकत नाहीं. शत्रूचा श्वास जेथें कोंडतो तेंच याचें संरक्षण. किल्ल्याला तट असावा, खंदक असावा, हें आपण जाणतों. पण ज्याच्या आंत हवाच नाहीं असा किल्ला निवडणारा किल्लेदार विरळा.

आतां त्या हिशेबाकडे येतों. १९७५-७६ सालीं नॉर्वेचें 'डॉ. फ्रिट्योफ नानसेन' हें संशोधन-जहाज अरबी समुद्रांत आलें. ध्वनियंत्र चालू ठेवून त्यानें लांबलांबच्या फेऱ्या मारल्या, मधूनमधून जाळें टाकून थरांत कोण आहे तें पाहिलें, आणि प्रतिध्वनीच्या जोरावरून माशांचें वजन काढलें. या पाहण्यांच्या आधारानें याकोब योसेटर आणि कावागुची या दोघां शास्त्रज्ञांनीं १९८० सालीं जागतिक अन्न व शेती संघटनेच्या एका पुस्तिकेंत साऱ्या जगाचा आढावा घेतला. अशा मध्यम खोलीवरील माशांचें जगांतील एकूण वजन सुमारें एक अब्ज टन, आणि त्यांतील दहा कोटि टन एकट्या उत्तर व पश्चिम अरबी समुद्रांत, असा तो आंकडा. मी आरंभीं सांगितला तो हाच.

या आंकड्याचें मोल ठरवितांना एक गोष्ट विसरूं नये. मासे कोणीं मोजले नव्हते. मोजला होता तो आवाज. ज्यांनीं शाळेंत नोकरी केली आहे त्यांना हें चटकन पटेल. वर्गाबाहेर उभें राहून आंतील गलक्यावरून पटसंख्या सांगा, असें कोणीं म्हटलें तर काय होईल? चाळीस शहाणीं मुलें जेवढा गलका करतात तेवढा पांच उनाड मुलें सहज करतात. समुद्रांतहि अशीं उनाड मुलें आहेत. जेलीसारखे कांहीं लांबलचक प्राणी तरंगण्यासाठीं वायूचा एकच फुगा बाळगतात, आणि विशिष्ट स्वराला तो फुगा इतका घुमतो कीं एका प्राण्याचा प्रतिध्वनि माशांच्या थव्यासारखा ऐकूं येतो. उलट ज्या दीपमत्स्यांच्या पिशवींत वायूऐवजीं चरबी असते ते जवळजवळ मुकेच राहतात, आणि हजेरींतून सुटतात.

बरें, जाळ्यानें पडताळा घ्यावा तर तेथेंहि अडचण. २०१२ सालीं नॉर्वेच्या शास्त्रज्ञांनीं तेथील एका खाडींत, याच वंशांतील उत्तरेकडच्या जातीवर प्रयोग करून दाखविलें कीं, जाळें जवळ येतांच हे मासे बाजूला सरतात. जाळ्यांत येतात ते थोडे. म्हणजे जाळ्यावर विसंबलें तर संख्या कमी दिसते, आवाजावर विसंबलें तर ती कमी किंवा जास्त कशीहि दिसूं शकते. याची साक्ष पुढील आंकडेच देतात. स्पेनच्या 'मालास्पिना' मोहिमेच्या २०१० सालच्या जगप्रवासांत घेतलेल्या मापांवरून २०१४ सालीं जो हिशेब प्रसिद्ध झाला, त्यांत एक अब्जाचे दहा अब्ज झाले. २०१९ सालच्या दुसऱ्या एका हिशेबांत खालची मर्यादा दोन अब्जांच्या आंत आणि वरची सोळा अब्जांची सांगितली आहे. अरबी समुद्रांतहि निरनिराळ्या वेळच्या पाहण्यांत आंकडे कित्येक पटींनीं खालींवर झाले. शास्त्रज्ञ यांत कांहीं लपवीत नाहींत. ते मर्यादा स्पष्ट लिहितात. लपते ती वाचणाऱ्याच्या उत्साहांत. दोन आणि सोळा यांतून माणूस सोळाच उचलतो.

या उत्साहाला दुसरा आधार मिळतो तो माशाच्या आयुष्याचा. माशाच्या कानांत बारीक खडे असतात आणि त्यांवर वाढीचीं वलयें उमटतात. झाडाच्या बुंध्याप्रमाणें तीं मोजून वय काढतां येतें. बेंथोसेमा टेरोटमच्या खड्यांवर रोजचें एक अशीं बारीक वलयें मोजलीं गेलीं, आणि त्याचें आयुष्य वर्षाच्या आंतच संपतें असें ठरलें. त्याच वंशांतील नॉर्वेकडचा भाऊ मात्र सात-आठ वर्षें जगतो. एकाच घरच्या दोघांत केवढें हें अंतर! ऊबदार समुद्रांत भराभर वाढावें, अंडीं घालावींत आणि जावें. थंड समुद्रांत सावकाशीनें संसार करावा. आतां जो मासा वर्षभरांत मरणारच आहे त्याला पकडण्यांत काय बिघडलें, हें तर गवतासारखें दरसालचें पीक आहे, असा युक्तिवाद करण्यांत येतो. तो ऐकावयास गोड आहे. पण दरसाल उगवणाऱ्या गवताला बीं लागतें; आणि एका वर्षाच्या माशाजवळ मागील सालची शिल्लक नसते. दीर्घायुषी माशांची एक वर्षाची वीण बुडाली तरी वडीलधारे शिल्लक असतात. येथें एक ऋतु वाईट गेला, त्यांत जाळीं पडलीं, तर पुढल्या वर्षाचा जमाखर्च कोणाच्या आधारावर मांडावयाचा? या माशाच्या मादीचीं अंडींहि मोठ्या माशांच्या लक्षावधि अंड्यांच्या मानानें थोडकींच असतात.

जाळीं टाकून पाहिलीं गेलीं नाहींत असें नाहीं. दक्षिण आफ्रिकेंत दुसऱ्या एका वंशाच्या दीपमत्स्याची मासेमारी चालत असे. १९७३ सालीं तेथें ४० हजार टनांहून अधिक मासे पकडण्यांत आले. पण अंगांत तेल इतकें कीं कारखान्यांतील यंत्रें आणि माल दोन्हीं नासूं लागलीं, आणि १९८० नंतर कांहीं वर्षांतच तो धंदा बंद पडला. इराणनें १९९० नंतर ओमानच्या आखातांत आमच्या याच माशावर प्रयोग केले. हा मासा ताटांत यावा म्हणून कोणी पकडीत नाहीं, हेंहि सांगितलें पाहिजे. त्याची भुकटी करावयाची, तेल काढावयाचें, आणि तें कोळंबीच्या तळ्यांना, पाळीव माशांना व कोंबड्यांना घालावयाचें, असा हा व्यवहार आहे. भुकेलेल्या माणसाच्या तोंडीं तो थेट जात असता, तर माझें मत कदाचित् इतकें करडें राहिलें नसतें.

कारण तो जेथें जातो तेथें त्याची गरज आहे. अरबी समुद्रांतील खोल पाण्यांतल्या मोठ्या माकुलांचें तें मुख्य अन्न आहे. कुप्याच्या पोटांत दीपमत्स्य सांपडतात. डॉल्फिनांच्या कांहीं जाति रात्रीं त्यांवर चरतात. कुपा आपल्या बाजारांत येतो. म्हणजे ज्या माशाला नांव नाहीं तो नांव असलेल्या माशाच्या रूपानें आपल्या घरीं येऊन गेलेलाच असतो. दुसरें असें कीं, रात्रीं वर खाल्लेलें अन्न हा मासा दिवसां खालीं नेऊन टाकतो, श्वासानें आणि विष्ठेनें. हवेंतून समुद्रानें शोषलेला कर्ब अशा रीतीनें खोल पाण्यांत पोहोंचतो आणि दीर्घकाळ तेथेंच राहतो. हवा तापविणाऱ्या कर्बवायूची चिंता साऱ्या जगाला लागलेली असतांना, बिनपगारी राबणाऱ्या या हमालांना कामावरून काढून त्यांची कोंबड्यांसाठीं भुकटी करावी, हें मला शहाणपणाचें वाटत नाहीं.

शिवाय तो किल्लाहि पूर्वीसारखा राहिलेला नाहीं. २०१८ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनांत, ओमानच्या आखातांत पाण्याखालीं फिरणारीं स्वयंचलित यंत्रें सोडून प्राणवायु मोजण्यांत आला. तेव्हां जुन्या मापांपेक्षां तेथील स्थिति पुष्कळ बिघडल्याचें दिसलें. थोडा प्राणवायु असलेल्या पाण्यांत लपणें वेगळें, आणि अजिबात नसलेल्या पाण्यांत राहणें वेगळें. दुष्काळाचा थर वर सरकला कीं दीपमत्स्यालाहि वर, उजेडांत आणि शत्रूच्या तोंडीं सरकावें लागेल. हें कांहीं दूरच्या ओमानपुरतें नाहीं. पावसाळ्याच्या अखेरीस असेंच प्राणवायुहीन पाणी आपल्या पश्चिम किनाऱ्याच्या उथळ भागावर चढतें, आणि गोव्याच्या समुद्रविज्ञान संस्थेंतील शास्त्रज्ञांनीं त्याचीं मापें २००० सालींच जगापुढें मांडलीं आहेत.

निरनिराळ्या देशांनीं यावर निरनिराळे मार्ग पत्करले आहेत. नॉर्वेनें मध्यम खोलीवरील मासे पकडण्यासाठीं प्रयोगादाखल परवाने दिले. अमेरिकेनें आपल्या पश्चिम किनाऱ्यापुरता २०१६ सालीं उलट नियम केला; दीपमत्स्यांसह ज्या लहान माशांची मासेमारी अजून सुरू झालेली नाहीं ती, पुरेसा अभ्यास होऊन परवानगी मिळाल्याशिवाय सुरू करूं नये असें ठरविलें. घर बांधण्यापूर्वीं जमिनीची मोजणी करणारा हा दुसरा मार्ग मला अधिक पसंत आहे. अरबी समुद्राला तर कांठावर इराण, ओमान, पाकिस्तान, हिंदुस्थान, येमेन, सोमालिया असे अनेक शेजारी आहेत, आणि मासा कोणाच्याच सरहद्दी पाळीत नाहीं. एकानें संयम ठेवावा आणि दुसऱ्यानें जाळें टाकावें, असें झालें तर संयमाला अर्थ उरणार नाहीं. मोजणी करावयाची ती सर्वांनीं मिळूनच केली पाहिजे, आणि ती निरनिराळ्या ऋतूंत, आवाज व जाळें या दोन्हीं साधनांनीं केली पाहिजे.

आपल्या देशाकडे १९८४ सालीं डेन्मार्कमध्यें बांधून आणलेलें 'सागर संपदा' हें संशोधन-जहाज आहे, आणि कोचीच्या शास्त्रज्ञांनीं त्यावरून अरबी समुद्रांतील दीपमत्स्यांचे पुष्कळ नमुने गोळा केले आहेत. व्यापारी बाजूनें पाहिलें तर, केरळच्या किनाऱ्यापलीकडे खोल पाण्यांतील कोळंबीसाठीं ज्या यांत्रिक बोटी जातात, त्यांच्या जाळ्यांत कोळंबीबरोबर निरनिराळ्या जातींचे दीपमत्स्य येतात. खलाशी कोळंबी निवडून घेतात. बाकीचा ढीग कधीं भुकटीच्या कारखान्याकडे जातो, कधीं फावड्यानें परत समुद्रांत लोटला जातो.